बाईंना शिट्टी कोण शिकवणार?

विजयमालाबाई नोकरीतून निवृत्त झाल्या, पण बाई म्हणून निवृत्त व्हायचं त्यांना काही जमलं नाही. कर्जत तालुक्यातल्या त्या गावात मिसरूड फुटलेल्या पोरापासून केस पिकलेल्या बाप्यापर्यंत जो तो त्यांच्या हाताखालून गेलेला. बाई रस्त्यानं निघाल्या की पारावर बसलेली माणसं तंबाखूची पुडी खिशात सारत आणि मांडी सोडून नीट बसत. सरपंच मोबाईलवर कुणाला शिव्या देत असला तर बाई दिसताच तो मध्येच थांबे आणि बाई वळणाआड गेल्यावर राहिलेली शिवी पूर्ण करी. घरात तरी वेगळं असावं, तर तसंही नव्हतं. त्यांचे यजमान रंगनाथराव साखर कारखान्यात बॉयलरवर होते. लग्नानंतर काही वर्षं त्यांनी "ऐकलं का" एवढ्यावर भागवलं. पुढं दिवसभर दारात "बाई हायेत का?" हेच ऐकून ऐकून तेही बाईच म्हणायला लागले.

अशा या बाईंनी एक दिवस पेपरात वाचलं की नगरला मोबाईलवर सिनेमा करायचं शिबिर आहे, फी नाही, वयाची अट नाही. बाईंना शिकवायला जितकं आवडे तितकंच शिकायलाही आवडे. त्या एसटीनं नगरला जाऊन पहिल्या बाकावर बसल्या.

शिकवणारा पार्थ नावाचा तरुण होता. दाढी वाढलेली, आवाज मऊ. तो कुठल्या कंपनीत गेला नव्हता, कुणाच्या हाताखाली काम करत नव्हता. साठवलेल्या पैशातून छोटे छोटे सिनेमे करायचा आणि मिळेल त्या हॉलमध्ये दाखवायचा. असा सिनेमा म्हणजे काय, हे त्यानं सोपं करून सांगितलं. गोष्ट तुमची, कॅमेरा तुमचा, वर कुणी मालक नाही. चुकलं तर ती चूकही तुमचीच. बाईंना हे फार आवडलं. मग त्यानं घरचा अभ्यास दिला. चित्रकार आरशात बघून स्वतःचं चित्र काढतो ना, तसा प्रत्येकानं स्वतःचा सिनेमा करायचा. पाच मिनिटांचा. मी कोण, एवढंच त्यात दिसलं पाहिजे. जमलेले सिनेमे जानेवारीअखेर मोठ्या पडद्यावर लोकांसमोर दाखवायचे.

घरचा अभ्यास म्हटल्यावर बाई दुसऱ्याच दिवशी शाळेच्या फाटकाशी उभ्या राहिल्या. मोबाईल उचलून डोळ्यासमोर धरला मात्र, आसपासची सगळी माणसं होती ती कामं टाकून पुढं आली. ट्रॅक्टरवाला खाली उतरला, पाण्याला निघालेल्या दोघी हंडे ठेवून आल्या, आणि कुणी काही न सांगता उंचीप्रमाणे रांग लावून हाताची घडी घालून उभे राहिले. बाईंनी एवढी वर्षं वर्गाचे फोटो तसेच काढले होते. बाईही त्या नादात म्हणून गेल्या, "ट्रॅक्टरवाल्या, तू मागं जा." तेही चित्रणात आलं. मग फळा, खडू, पाढे म्हणणारी मुलं, फळ्याजवळ उभ्या बाई. सिनेमा झाला.

पार्थनं तो शेवटपर्यंत पाहिला आणि म्हणाला की छान आहे, एका चांगल्या शिक्षिकेवरचा सिनेमा आहे.

"पण बाई, यात तुम्ही दिसत नाही."

"दिसते की. ती काय फळ्याजवळ."

"त्या बाई झाल्या. मला विजयमाला बघायच्या आहेत. हा मी लोकांना दाखवणार नाही. पुन्हा करून आणा."

आयुष्यात बाईंना आजवर कुणी अभ्यास परत दिला नव्हता. परतीच्या एसटीत खिडकीशी बसून त्या विचार करत राहिल्या. राग पार्थचा नव्हता. पोरगं खोटं बोललं असतं तर बाईंनी त्याला तिथल्या तिथं सरळ केलं असतं. पंचाईत ही होती की ते खरं बोललं होतं, आणि विजयमाला म्हणून जी कुणी आहे ती कशी असते, हे बाईंनाही सांगता येईना. मुळात ती आहे की नाही, हीच शंका मनात शिरली. सिनेमा पडद्यावर लागला नाही तर नाही, पण दाखवायला आत कुणी नाहीच असं निघालं तर काय करायचं?

घरी येऊन त्यांनी मोबाईल ओट्यावर टेकवून ठेवला आणि कुणी बघत नाही असं समजून चहा करायला घेतला. जरा वेळ बरं चाललं. मग पाण्याला उकळी आली आणि बाई कॅमेऱ्याकडे वळून म्हणाल्या, "आता बघा, बुडबुडे तळातून का येतात?" आणि उत्तराची वाट बघत थांबल्या.

मग त्यांनी रंगनाथरावांना चित्रण करायला सांगितलं. रंगनाथरावांनी इमानानं काम केलं. सगळ्या चित्रणात बाई गळ्यापासून पावलांपर्यंत स्वच्छ दिसत होत्या. डोकं कुठं गेलं, असं विचारल्यावर ते म्हणाले की पाय सुटू नयेत म्हणून जपलं. बॉयलरच्या आवाजानं त्यांना थोडं कमी ऐकू यायचं, म्हणून बाईंनी मोठ्यांदा विचारलं, "अहो, मी बाई नसते तेव्हा कशी असते?"

रंगनाथरावांनी प्रामाणिकपणे आठवून पाहिलं. "तशी येळ आली न्हाई अजून," ते म्हणाले.

रात्रंदिवस तोच विचार डोक्यात असला की कधी ना कधी धागा सापडतो. बाईंना तो सापडला ज्वारीच्या रानात. दिवस जानेवारीचे होते, कणसं हुरड्यात आलेली, पाखरांचे थवे नुसते तुटून पडत होते. पलीकडच्या रानातून कुणीतरी तोंडात बोटं घालून लांबलचक शिट्टी मारली आणि थवा भर्रकन उठला. बाई बांधावर जागच्या जागी थांबल्या. लहानपणी वडिलांच्या रानात माळ्यावर बसून त्यांनी पाखरं राखली होती. भाऊ शिट्टी मारायचा आणि विजयमालेनं डबा वाजवायचा. एकदा तिनं बोटं तोंडात घालून फुंकर मारली, तर आईनं वर चढून पाठीत धपाटा घातला होता. पोरींनी शिट्टी मारायची नसते म्हणून. पुढं ती विजयमाला शाळेत बाई झाली आणि मागच्या बाकावरच्या शिट्ट्या पकडण्यात तिची हयात गेली. पण कुणी झकास शिट्टी मारली की पकडायच्या आधी क्षणभर त्यांचं काळीज हलायचं, आणि ते रागानं हलतं अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली होती.

तर सिनेमा हा. विजयमाला शिट्टी शिकते. चेहरा जवळून, तोंडात बोटं, आणि शिट्टी.

त्यांनी बांधावर मोबाईल उभा करून पहिला प्रयत्न केला. नुसती हवा आली, आणि हवेबरोबर थोडी थुंकी. दुसऱ्या प्रयत्नात थुंकी जास्त आली. शिकायला गुरू हवा, हे बाईंना वेगळं सांगायला नको होतं, आणि गावात या विषयातला सगळ्यात हुशार विद्यार्थी कोण हेही त्यांना पक्कं ठाऊक होतं. तो अंगद. आता तो दूध संकलन केंद्र चालवत होता, गळ्यात साखळी, पांढरा शर्ट, गावात मान. बाई सकाळी केंद्रावर गेल्या, काउंटरवर मोबाईलचा छोटा स्टँड ठेवला, शिकवलेलं सगळं नीट टिपलं जावं म्हणून चित्रण सुरू केलं आणि म्हणाल्या, "अंगद, तुला शिट्टी येते ना रे?"

अंगदच्या हातातलं दुधाचं माप कलंडलं.

"न्हाई बाई. कोन म्हनलं?"

"अरे, मला माहीत आहे. घाबरू नकोस. मला फक्त एवढं सांग, कशी मारायची."

"आमाला न्हाई येत बाई. आमी कदी मारलीच न्हाई." तो मोबाईलकडं बघत होता. "हे चालू हाय का?"

आता इथं एक जुनी गोष्ट सांगायला हवी. बऱ्याच वर्षांपूर्वी एका सव्वीस जानेवारीला शाळेत झेंडावंदनाला तालुक्याहून एक साहेब आले होते. त्यांचं भाषण सुरू झालं, रंगात आलं, रंगातून बाहेर गेलं, तरी संपेना. आणि मध्येच एक शिट्टी वाजली. अशी वाजली की झेंड्याच्या काठीवरचा कावळा उडाला आणि साहेब पुढचं वाक्य विसरून खाली बसले. त्यानंतर बाईंनी मुलांची सगळी रांग एकेक करून तपासली, बोटं ओली आहेत का ते पाहिलं, आठवडाभर प्रेमानं विचारलं, रागानं विचारलं. कुणी कबूल झालं नाही. बाईंच्या हातून सुटलेली ती एकच शिट्टी, आणि गावात अजूनही तिची आठवण निघे.

दुपारपर्यंत सगळ्या गावात झालं की बाईंनी सव्वीस जानेवारीची केस परत उघडली आहे, आणि या वेळी मोबाईलवर जबान्या घेतायत.

बाईंना याचा पत्ता नव्हता. त्या कल्याणच्या पंक्चरच्या दुकानात गेल्या. कल्याण म्हणाला की त्या दिवशी तो तापानं घरी पडून होता, वाटल्यास त्याच्या आईला विचारावं. बाई म्हणाल्या, कोणत्या दिवशी? कल्याणनं टायरमध्ये डोकं घातलं. संध्याकाळी ग्रामपंचायतीचे सदस्य अजिनाथ घरी आले, टोपी काढून हातात धरली आणि फार आडवळणानं बोलत बोलत सुचवलं की ते काम बन्सीचं असावं. पण बन्सी आता पुण्याला असतो, पोरंबाळं आहेत, तेव्हा जमलं तर मिटवून घ्यावं. ते जाऊन चहाचे कप विसळले जातात तोच पुण्याहून बन्सीचा फोन आला. तो देवाच्या शपथा घेऊ लागला आणि म्हणाला की मारली असेल तर अजिनाथनंच, कारण तो तेव्हा खालची बोटं वापरायचा.

"खालची बोटं म्हणजे कोणती रे?" बाईंनी आशेनं विचारलं.

बन्सीनं फोन ठेवून दिला.

मग रंगनाथरावांनी उलगडा केला. ते पारावर बसून सगळं ऐकून आले होते, जेवढं ऐकू आलं तेवढं. बाईंनी कपाळावर हात मारला आणि दुसऱ्या दिवशी पारावर जाऊन स्वतः खुलासा केला. मला कुणाला पकडायचं नाही, कुणाला रागवायचं नाही, मला स्वतःला शिट्टी शिकायची आहे. सगळ्यांनी माना डोलावल्या. बाई वळल्यावर अंगद हळूच म्हणाला, "बगा, आटवतंय का? शाळेत बी असंच म्हनायच्या. रागवनार न्हाई, फक्त सांगा."

झालं. त्या दिवसापासून गावात शिट्टी बंद पडली. रानात पाखरं राखणारी पोरं डबे बडवू लागली. ज्यांना बाईंनी कधी शिकवलंच नव्हतं, त्यांनाही आईबापांनी दम दिला. मोबाईलमध्ये बाईंकडं आता भरपूर चित्रण जमलं होतं, पण त्यात एकजात मोठे मोठे बाप्ये "मी न्हाई बाई" म्हणताना दिसत होते. विजयमाला कुठंच नव्हती. उलट बाई पहिल्यापेक्षाही जास्त झाल्या होत्या. पार्थनं दिलेली तारीख जवळ आली. या वयात हे काय वेड घेतलं, असं बाईंना वाटू लागलं, आणि एका सकाळी त्यांनी स्टँड घडी करून कपाटात ठेवून दिला.

त्याच सकाळी पंकजा आली. पंकजा गावची आशाताई. माहेर याच गावातलं, सासर दोन गल्ल्या सोडून. म्हाताऱ्या माणसांचा रक्तदाब मोजायला ती महिन्यातून एकदा घरोघर फिरायची. तिनं बाईंच्या दंडाला पट्टा बांधला, फुगा दाबायला सुरुवात केली आणि सहज आवाजात म्हणाली, "बाई, ती शिट्टी मी मारलीवती."

काटा सरसर वर गेला.

"तू?"

"व्हय. बोलू नका, मोजतीय."

बाईंच्या डोळ्यासमोर तो दिवस आला. मुलांची रांग, ओली बोटं, आणि शेजारी मुलींची रांग. पहिल्या नंबरला दोन वेण्या घातलेली, झेंड्याकडं टक लावून बघणारी पंकजा.

"आमच्या रांगेकडं तुमी बगितलंच न्हाई," पंकजा पट्टा सोडत म्हणाली. "मी वाट बगत हुते. बोटं पुसली बी नव्हती. नंतर वाईटच वाटलं जरा."

"कुणी शिकवली तुला?"

"आमच्या राहीआजीनं. माळ्यावर. ती म्हनायची, डबा वाजवून हात दुकत्यात, शिट्टीला काय लागतंय."

बाईंनी उठून कपाट उघडलं आणि स्टँड बाहेर काढला.

शिकवणी बाईंच्याच ज्वारीच्या रानात सुरू झाली. ओढ्याच्या कडेचं रान, ज्वारी पुरुषभर उंच, मध्ये पाटाजवळ थोडी मोकळी जागा. पंकजा घरोघरच्या फेऱ्या उरकून येई. गुरू म्हणून ती कडक निघाली. ओठ दातांवर आत ओढायचे, जिभेचं टोक बोटांनी मागं दुमडायचं, फुंकर खालच्या ओठावरनं सोडायची, आणि गाल फुगवायचे नाहीत. एकदा सांगायची, दोनदा सांगायची, तिसऱ्यांदा कमरेवर हात ठेवून नुसतं बघायची. ते बघणं बाईंना ओळखीचं वाटलं. जरा वेळानं लक्षात आलं की ते आपलंच आहे, ही पोर दुसरीपासून चौथीपर्यंत ते रोज बघत होती.

आणि बाई? बाई चांगल्या विद्यार्थिनी असतील असं कुणालाही वाटेल. तशा त्या निघाल्या नाहीत. पुढचा दात नवा बसवलाय, तो हलेल, अशी सबब त्यांनी पहिल्याच दिवशी सांगितली. मग घसा दुखतो झालं. मग आज वारा फार आहे झालं. पंकजा घरी सराव केला का विचारी, तेव्हा बाई मान हलवून केला म्हणत. पंकजा म्हणे, मग मारून दाखवा. त्यावर बाई ज्वारीकडं बघत. एक दिवस तर पंकजाला यायला उशीर झाला, तेव्हा आज बहुतेक तास होत नाही असं म्हणून बाई मोठ्या आनंदानं घरी निघाल्या होत्या. पंकजानं त्यांना बांधावर गाठून परत आणलं.

पण एका दुपारी ती आली. फुंकर मारता मारता मध्येच एक बारीक, तुटकी, चिमणीच्या पिलासारखी चीं निघाली.

"परत," पंकजा म्हणाली.

परत चीं. मग थोडी लांब. मग संध्याकाळपर्यंत बाई थांबायलाच तयार होईनात. ओठ बधिर झाले, चक्कर आली, पंकजानं त्यांना खाली बसवून पाणी पाजलं आणि आशाताईच्या नात्यानं ताकीद दिली की आता बास. दुसऱ्या दिवशी तिला लसीकरणाला जायचं होतं. तिनं सांगितलं की एकट्यानं या, मोबाईल लावा, आणि मोकळ्या मनानं मारा. मी असले की तुमी सबबी सांगता.

म्हणून त्या दिवशी बाई एकट्याच रानात गेल्या. बांधावर स्टँड ठेवला. पार्थनं बजावल्याप्रमाणे फोनची घंटी बंद केली, चित्रण सुरू केलं, मोकळ्या जागेत कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या. पदर खोचला. ओठ आत, जीभ मागं. आणि शिट्टी मारली.

काय ती शिट्टी! ज्वारीच्या शेंड्यांवरून निघाली ती ओढ्यापलीकडच्या लिंबावर जाऊन आदळली. रानातनं पाखरांचा थवा उठला, त्याच्या मागं शेजारच्या रानातला उठला. बाईंना स्वतःच्या कानांवर विश्वास बसेना म्हणून त्यांनी खात्री करायला आणखी एक मारली. ती पहिलीपेक्षा सरस निघाली. आणि मग त्यांना हसू फुटलं, आत कुठंतरी फार दिवस कोंडलेलं असावं तसं, खुदुखुदु, थांबता थांबेना.

रानाच्या कडेच्या रस्त्यावरून अंगद मोटरसायकलला दुधाचे कॅन लावून चालला होता. त्यानं गाडी थांबवली.

"कोन हाय गं तिकडं?"

बाईंनी आयुष्यभर चुका करणाऱ्या मुलांना एकच गोष्ट शिकवली होती. लपायचं नाही, पुढं येऊन सांगायचं. पण त्यांच्या पायांना ते कुणी शिकवलं नसावं. अंगदचा आवाज आला आणि बाई टुणकन उडी मारून ज्वारीत शिरल्या आणि खाली बसल्या. कॅमेऱ्यासमोर आता नुसती मोकळी जागा होती, आणि ज्वारीतून दाबून धरलेलं हसू येत होतं.

"कुनाची हाय गं तू? पोरीच्या जातीनं शिट्ट्या मारती व्हय? भाईर ये आदी."

ज्वारी खुसखुसली.

"येत न्हाईस? थांब मग. बाईंस्नीच सांगतो."

हे ऐकून बाईंनी पदर तोंडात कोंबला. अंगदनं खिशातून मोबाईल काढलेला ज्वारीच्या ताटांच्या फटीतून दिसला, आणि मग बांधावरचा फोन स्टँडसकट थरथरू लागला. घंटी बंद होती म्हणून बरं, नाहीतर गावभर झालं असतं. पण स्टँड हलत हलत बांधाच्या कडेला चालला होता. तो पाटात पडला तर फोनही गेला आणि सिनेमाही. बाई गुडघ्यांवर आणि हातांवर रांगत निघाल्या. केसांत ज्वारीची पानं, चष्मा एका कानावर, गालाला माती. कॅमेऱ्याच्या अगदी तोंडाशी येऊन त्यांनी हात लांब करून फोन पकडला. फोन घेतला तसं चित्रण थांबलं.

"बोल अंगद," बाई कुजबुजल्या.

"बाई, तुमच्या रानात एक पोरगी शिट्ट्या मारतीय. कुनाची हाय कळंना. हाक मारली तर हसती. लई चावट दिसती."

"बघते मी तिच्याकडं. तू जा."

"तुमी येस्तवर थांबतो की. पळून जाईल ती."

"नको. जा तू."

"एवडं हळू का बोलताय बाई? बरं न्हाई का?"

"घसा बसलाय."

"मग तर थांबतोच. तुमाला वरडायला जमायचं न्हाई. मी वरडतो तुमच्या वतीनं."

आता काय करायचं? ज्वारीत रांगलेल्या अवस्थेत तासभर बसणं या वयाला शक्य नव्हतं, पाय आत्ताच वळायला लागले होते. बाईंचा धीर सुटला, आणि वर्गातला आवाज आपसूक बाहेर आला.

"अंगद, दूध नासेल. निघ."

तो आवाज फोनमधून गेला आणि ज्वारीतूनही गेला. अंगदनं फोन कानापासून काढून ज्वारीकडं पाहिलं.

"बरं बाई," अंगद म्हणाला, आणि गाडी चालू झाली. त्याला काय उमगलं आणि काय नाही, ते बाईंना कळलं नाही. बाईंनी विचारलं नाही आणि त्यानं सांगितलं नाही.

घरी येऊन बाईंनी ते चित्रण पुन्हा पुन्हा पाहिलं. पदर नीट घेऊन, चांगल्या साडीत, परत एकदा शिट्टी मारून तेवढीच पाठवावी, असं आधी मनात आलं. साडी काढूनही ठेवली. मग त्यांनी साडी परत घडी केली आणि होतं तसंच चित्रण पाठवून दिलं. आधीच्या बाप्यांच्या जबान्या थोड्या थोड्या पुढं जोडल्या, मग शिकवणी, आणि शेवटी हे. सकाळी पार्थचा फोन आला. आधी त्याला हसण्यामुळं बोलताच येईना. मग त्यानं विचारलं की हे असं ठरवून कसं काय जमवलं. बाई म्हणाल्या, ठरवलेलं सगळं आधीच्या सिनेमात होतं.

महिनाअखेरीला अख्खं गाव टेम्पो करून नगरला गेलं. बाईंचा सिनेमा म्हणून गेलं आणि आपली जबानी कुठं पुढं येते या काळजीनंही गेलं. हॉलमध्ये अंधार झाला. अजिनाथ, कल्याण, अंगद पडद्यावर एकामागून एक "मी न्हाई बाई" म्हणू लागले आणि नगरची माणसं हसून बाकांवरून घसरायची राहिली. आपली माणसं आधी अवघडली, मग एकमेकांना कोपरानं ढोसून हसू लागली. मग पंकजा कमरेवर हात ठेवून दिसली, आणि "सव्वीस जानेवारीची शिट्टी बी माजीच" हे तिचं वाक्य ऐकून अजिनाथांनी बन्सीला तिथूनच मेसेज केला. मग ज्वारी आली, शिट्टी आली, मोकळी जागा आली, हसू आलं. अंगदनं स्वतःचा आवाज ऐकला आणि टोपी पुढं ओढून घेतली.

शेवटी पडद्यावर तो चेहरा आला. भिंतीएवढा. केसांत पानं, गालाला माती, चष्मा तिरका, आणि डोळे असे की आत्ता कुणाच्या तरी झाडावरचे पेरू काढून पळत आलेले.

रंगनाथरावांनी आजवर सिनेमा पाहिला नव्हता. मोठ्या पडद्यावरच बघीन, म्हणाले होते. ते पुढं वाकून बघत राहिले. चित्र तिथंच थांबलं होतं. मग ते शेजारी वळले.

"ही कोन?"

"मी," बाई म्हणाल्या.

त्यांनी एकदा पडद्याकडं पाहिलं, एकदा शेजारी पाहिलं.

"लई वांड दिसती."

"आहेच."

"मला कदी बोलला न्हाईत."

"तुम्ही कधी विचारलंत?" विजयमाला म्हणाली.